दित्ते : करुणा कुठे थांबते?

माहितीपटांतून आलेले डॅनिश दिग्दर्शक बियार्ने हेनिंग-येन्सेन यांनी १९४६ साली मार्टिन आंदरसन नेक्सो यांच्या कादंबरीवर, स्वतः पटकथा लिहून, 'दित्ते' हा चित्रपट केला. नेक्सो गरिबीत वाढलेले. त्यांची दित्ते अनौरस. तिच्या जन्माची किंमत म्हणून बापाच्या घरून आलेल्या पैशासाठी तिची आई स्वतःच्या आईचा जीव घेते. चित्रपट या बाईला राक्षसीण ठरवत नाही, हे त्याचे मोठेपण मी मानतो. पण मोलकरीण दित्ते गरोदर राहून शेत सोडते, तिथेच तो थांबतो. कादंबरी कोपनहेगनपर्यंत जाते. तिथे राबून राबून दित्ते २५ व्या वर्षी मरते. हा भाग गळला, की प्रेक्षक डोळे पुसतो. जाब विचारत नाही. आपली कथा दुसरा कुठे थांबवतो, यावर आपणही नजर ठेवली पाहिजे.