सोनेरी वानर आणि त्याची मालकीण

मुलांची पुस्तके म्हणून ज्या ग्रंथांकडे आपल्यातील प्रौढ वाचक सहसा वळत नाही, त्यांत फिलिप पुलमन या इंग्रज लेखकाच्या ‘हिज डार्क मटेरिअल्स’ या कादंबरीत्रयीची गणना होते. ‘नॉर्दर्न लाइट्स’ (१९९५), ‘द सटल नाइफ’ (१९९७) आणि ‘द अँबर स्पायग्लास’ (२०००) अशी ही तीन पुस्तके. त्यांपैकी तिसऱ्याला २००१ सालचा व्हिटब्रेडचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला, आणि मुलांसाठी लिहिलेल्या पुस्तकाला तो मिळण्याची ती पहिलीच वेळ होती. त्रयीचे नाव मिल्टनच्या महाकाव्यातून उचललेले आहे, आणि धर्मसत्तेविषयीचा लेखकाचा रोष पानोपानी जाणवतो. त्या रोषावर पुष्कळ लिहिले गेले आहे, आम्ही त्यात भर घालणार नाही. आम्हांस लिहावयाचे आहे ते या त्रयीतील खलनायिकेविषयी, मिसेस कोल्टरविषयी, आणि तिच्या सोबत सावलीसारख्या वावरणाऱ्या सोनेरी वानराविषयी.

प्रथम या जगाची रीत सांगणे अवश्य आहे. येथे प्रत्येक माणसाचा आत्मा देहाबाहेर, प्राण्याच्या रूपाने राहतो. लेखक त्याला ‘डीमन’ म्हणतो. हा शब्द ग्रीक आहे आणि त्याचा राक्षसाशी काही संबंध नाही. सॉक्रेटिसाला आतून सावध करणारा जो आवाज होता, त्याच्या कुळातला तो आहे. मराठीत आम्ही ‘प्राणसखा’ म्हणू. हा प्राणी बहुधा माणसाच्या विरुद्ध लिंगाचा असतो, म्हणून लायरा या नायिकेचा पॅन्टलायमन हा प्राणसखा, तर तिच्या पित्याची, लॉर्ड अ‍ॅझ्रिएलची, हिमबिबटी स्टेलमारिया ही प्राणसखी. इंग्रजीत एकाच शब्दावर भागते, मराठीत लिंग सांगितल्यावाचून गत्यंतर नाही, आणि येथे ते सांगणे सोयीचेच ठरते. मुलांचे प्राणसखे क्षणोक्षणी रूप पालटतात. वयात येताना ते एका रूपात स्थिरावतात आणि मग जन्मभर तेच राहते. दुसऱ्याच्या प्राणसख्याला हात लावणे हा या जगातला सर्वांत मोठा निषेध. दोघांत काही पावलांहून अधिक अंतर पडले तर दोघांनाही असह्य वेदना होतात.

आपल्या आजीच्या गोष्टींतील राक्षसाचा जीव सात समुद्रांपलीकडे पिंजऱ्यातल्या पोपटात असे. तेथे जीव दूर ठेवण्यात सुरक्षितता होती. पुलमनच्या जगात तो दूर जाणे हेच मरण. मिसेस कोल्टरचे विशेष असे की ती जगते या दुसऱ्या जगात, पण तिची ओढ पहिल्या जगातील राक्षसासारखी आहे. इतरांच्या मानाने तिचे वानर तिच्यापासून बरेच दूर जाऊ शकते. हे सामर्थ्य तिने काय देऊन मिळवले असावे, याचा खुलासा लेखक करीत नाही, आणि तो करीत नाही तेच बरे.

या कल्पनेचे मूळ काही जुन्या चित्रांत आहे असे पुलमनने सांगितले आहे. त्यांपैकी एक लिओनार्दोचे, हातात पांढरे अर्मिन घेतलेल्या तरुणीचे. त्या चित्रातील तरुणीचा हात प्राण्याच्या अंगावर विसावलेला आहे. दोघांची नजर एकाच दिशेला आहे, आणि प्राण्याच्या चेहऱ्यावरून तिचे मन वाचता येईल असे पाहणाऱ्याला वाटते. मिसेस कोल्टर या चित्राची उलटी प्रत आहे. तिच्या मुखावर जे दिसते ते वानराच्या हातांत नसते.

‘नॉर्दर्न लाइट्स’मधील एक प्रसंग पाहावा. लंडनमधील सुंदर सदनिकेत मेजवानीची तयारी चालू आहे, आणि मिसेस कोल्टर फुले मांडीत आहे. लायराने खांद्याला लावलेली छोटी पिशवी काढून ठेवावी, एवढीच तिची आज्ञा. लायरा ऐकत नाही. स्वर न चढवता बोलणे चालू असते, आणि एकाएकी वानर पॅन्टलायमनवर झेपावते, त्याला दाबून धरते आणि त्याचा कान उपटून काढावा तसा पिळू लागते. यात संताप नाही, थंड कुतूहल आहे. मुलगी विव्हळते, विनवते. फुलांवरून मान वर करून ती सांगते की ऐकलेस तर हे थांबेल. मग सारे पूर्ववत, गालावर एक मुका सुद्धा.

या प्रसंगाचे रूढ वाचन असे की मिसेस कोल्टर हा मुखवटा आणि वानर हा खरा चेहरा. आम्हांस हे पटत नाही. मुखवटा काढला की चेहरा दिसतो. येथे दोन्ही एकाच वेळी आणि तितकेच खरे आहेत. फुलांची निवड करणारी तिची रसिकता खोटी नाही. तिने केली आहे ती कामाची वाटणी. गोड बोलणे स्वतःकडे, पिळणे वानराकडे. गरीब वस्तीतल्या टोनी माकारिओस या मुलाला ती गरम चॉकलेटच्या आमिषाने नेते तेव्हा हीच वाटणी दिसते. त्याच्या चिमणीला हलकेच हातावर घेऊन बिलगून धरते ते वानर. मुलांनी आईबापांना लिहिलेली पत्रे मात्र ती स्वतः प्रेमाने गोळा करते, आणि मुलांचे जहाज सुटल्यावर भट्टीत टाकते. बोटांना डाग लागत नाही. ज्या घरात आईचे शब्द सदैव मऊ असतात आणि तरीही मुले दबकून वावरतात, त्या घराचे याहून नेमके चित्र आमच्या वाचनात नाही.

मुले जातात ती उत्तरेकडील बोल्वांगर या ठिकाणी. तेथे रुपेरी पात्याखाली मूल आणि प्राणसखा कायमचे विलग केले जातात. योजना मिसेस कोल्टरचीच. एके दिवशी त्याच यंत्रात लायरा सापडते, ती लायरा, जी तिची पोटची मुलगी आहे. ती धावते, थांबवते, मुलीला कुशीत घेते. त्यानंतरचा संवाद हा आमच्या मते या त्रयीचा गाभा आहे. ती समजावते की लहानपणी प्राणसखा हा छान सवंगडी असतो, परंतु वयात येताना तोच नको ते विचार आणि नको त्या भावना घेऊन येतो, म्हणून आधीच एक छोटासा छेद दिला तर पुढे त्रास नाही. लायराचा प्रश्न सरळ आहे. हे एवढे चांगले असेल, तर माझ्या बाबतीत तुम्ही का थांबवलेत?

प्रश्नाला उत्तर नाही, हे कोणीही सांगेल. परंतु बाईंनी त्याआधी जे सांगितले त्याकडे आम्ही वाचकांचे लक्ष वेधू इच्छितो. नको ते विचार आणि नको त्या भावना आणणारा प्राणसखा हे सर्वसाधारण माणसाचे वर्णन नाही. या कादंबऱ्यांतील नावाडी, जिप्शन वृद्ध, ऑक्सफर्डचे पंडित आपापल्या प्राण्यांशी म्हाताऱ्या जोडप्यासारखे कुरकुरत, सल्लामसलत करीत सुखाने नांदतात. ते वर्णन एकाच व्यक्तीचे आहे. विवाहित असताना अ‍ॅझ्रिएलवर प्रेम करणारी, त्या प्रेमातून मूल झालेली, त्याच प्रेमापायी नवऱ्याचा जीव आणि समाजातील स्थान गमावलेली मारिसा कोल्टर येथे स्वतःविषयी बोलते आहे, आणि तिला ते कळत नाही. जे तिला आपल्या वानराचे करावेसे वाटते, ते ती शेकडो मुलांचे करते. स्वतःच्या अंगाला मात्र पाते लावून घेत नाही. विलग झालेली माणसे मंद, निरिच्छ होतात हे तिने पाहिले आहे, आणि निरिच्छ झाल्यावर महत्त्वाकांक्षा कोठली? तिला वानर नकोही आहे आणि हवेही.

जाता जाता तिच्या आडनावाविषयी. इंग्रजीत ‘कोल्टर’ म्हणजे नांगराच्या फाळापुढे बसवलेले, जमीन उभी चिरीत जाणारे पाते. नाव नवऱ्याकडून आलेले, तरी लेखकाने ते सहज ठेवले असेल असे वाटत नाही. वानराला मात्र पुलमनने नावच दिलेले नाही. लहानसहान पात्रांच्या प्राण्यांनाही नावे देणाऱ्या लेखकाने ते टाळले, आणि त्याच्या तोंडी जवळजवळ संवादही घातला नाही. लायरा आणि पॅन्टलायमन पानेच्या पाने भांडतात, एकमेकांना धीर देतात. मिसेस कोल्टर आपल्या आत्म्याशी बोलताना सहसा दिसत नाही, दिसते ती त्याला कामाला लावताना. ज्याला हाक मारायची नसते त्याला नाव कशाला लागेल? पण हे नाते तुटलेले नाही, याचाही पुरावा लेखक ठेवतो. बोल्वांगरलाच, लायराने दिलेला डबा वानर उघडते तेव्हा आतला हेर-किडा त्याच्या तोंडावर आदळतो, आणि कळ मालकिणीलाही लागते.

पडद्यावर या नात्याचे जे झाले त्याविषयी आमचा मतभेद आहे. २००७ च्या चित्रपटात निकोल किडमनने साकारलेली मिसेस कोल्टर वानराला थप्पड मारते आणि लगेच जवळ घेते. २०१९ ते २०२२ या काळातील बीबीसी व एचबीओच्या मालिकेत रूथ विल्सनने ही मारहाण अधिक गडद केली. मुके, अंग चोरणारे ते वानर पाहून कोणाचेही मन द्रवावे. विल्सनचा अभिनय उच्च दर्जाचा आहे, यात शंका नाही. परंतु असे केल्याने वानर बळी ठरते आणि बाई स्वतःवरच अत्याचार करणारी दुःखी स्त्री. मूळ त्रयीत भर याच्यावर नाही. तेथील वानर तिचा साथीदार आहे, कान पिळताना त्याला गंमत वाटते. पुलमनला आपल्याच आत्म्याला मारणारा माणूस रंगवता येत नव्हता असे नव्हे: ‘ला बेल सोव्हाज’ (२०१७) मधील बॉनव्हिल आपल्या तरसिणीला बदडतो, आणि पाहणारे शहारतात. बॉनव्हिल विकृत आहे, एवढे कळले की त्याच्याविषयी फारसे उरत नाही. मिसेस कोल्टरच्या घरी मात्र आपण मेजवानीला जाऊ, आणि तिच्या रसिकतेची वाखाणणी करून परतू.

तिची आणि वानराची इच्छा एक झालेली आम्हांस एकदाच स्पष्ट दिसते. पहिल्या पुस्तकाच्या शेवटी, बर्फाच्या डोंगरावर, अ‍ॅझ्रिएल तिला आपल्याबरोबर नव्या विश्वात चल म्हणतो. ती दोघे मिठीत, आणि शेजारी हिमबिबटी उताणी लोळते आहे, वानर तिच्या मानेच्या मऊ केसांत बोटे रुतवते आहे. कान पिळणारी तीच बोटे. पण ती जात नाही. तिचे शब्द नकाराचे आहेत, वानराचे हात होकाराचे होते. जवळच लायराचा मित्र रॉजर विलग होऊन मरून पडला आहे, हेही विसरता येत नाही. लेखक या सुखाला निष्पाप होऊ देत नाही.

२०१९ मध्ये आलेल्या ‘द सीक्रेट कॉमनवेल्थ’ या पुढील कादंबरीत लायरा वीस वर्षांची आहे आणि पॅन्टलायमनशी तिचे बोलणे तुटले आहे. तो एक दिवस तिला सोडून निघून जातो. पुष्कळ वाचकांना हे सहन झाले नाही. आम्हांस ते या कथेच्या ओघातलेच वाटते, कारण खलनायिकेचा रोग केवळ खलांनाच होतो असे पहिल्या त्रयीतही कोठे म्हटलेले नाही. लायरा आईची मुलगी आहे. फरक एवढा की तिचा प्राणसखा भांडतो, दोष देतो, चिठ्ठी लिहून ठेवतो. तिच्या आईचा कधी बोललाच नाही.

शेवटच्या भागाविषयी आमचे समाधान होत नाही. ‘द अँबर स्पायग्लास’मध्ये मिसेस कोल्टर हिमालयातील गुहेत मुलीला औषध देऊन निजवून ठेवते, आणि यालाच प्रेम समजते. येथवर लेखक अचूक आहे. पुढे मेटाट्रॉन या देवदूतासमोर ती उभी राहते. तो तिच्या आरपार पाहतो, आणि त्याला मत्सर, सत्तालोभ, क्रूरता यांखेरीज काही सापडत नाही. ते सारे खरे असल्यामुळेच तिची थाप पचते. त्याला भुलवून ती अ‍ॅझ्रिएलकडे आणते, आणि दोघे त्याच्यासह अथांग दरीत कोसळतात, मुलगी वाचावी म्हणून. प्रसंग थोर आहे. ती अ‍ॅझ्रिएलशी समेट करते, मुलीवरील प्रेम स्वतःशी मान्य करते. पण जिच्याशी जन्मभर अबोला धरला त्या आपल्याच आत्म्याशी तिची भेट लेखकाने लिहिलेली नाही. झुंज, पडझड आणि विश्वांच्या उलथापालथीत ते राहून गेले, की पुलमनला ते अशक्य वाटले, हे पुस्तकावरून ठरत नाही. वानर दरीच्या काठापर्यंत तिच्यासोबत येते, निनावीच.