सहा मिनिटांचा हाफ

या वेळच्या एपिसोडमध्ये फुटबॉलच्या व्हिडिओ गेम्सवर बोलताना आम्ही ग्राफिक्सवर बोललो, लायसन्सवर बोललो, कॉमेंटरीवर तर गरजेपेक्षा जास्तच बोललो. हाफ किती मिनिटांचा ठेवायचा, हा विषय शेवटी निघाला आणि वेळ संपल्यामुळे तिथेच राहिला. तो इथे पूर्ण करतो, कारण मला वाटतं या गेम्समधला सगळ्यात मोठा नियम तोच आहे. मेन्यूमध्ये मात्र तो आवाज आणि कॅमेऱ्याच्या शेजारी, एखाद्या किरकोळ सोयीसारखा पडलेला असतो.

आठवून बघा. मित्राच्या रूमवर खेळायला बसलं की टीम निवडण्यात दहा मिनिटं जातात. किट कुठलं घ्यायचं यावर वाद होतो. पण हाफ किती मिनिटांचा आहे, हे कोणी विचारत नाही. आधीच्या माणसाने जे ठेवलंय तेच पुढे चालू राहतं. खऱ्या फुटबॉलच्या नियमावलीत याला चक्क एक कलम आहे. सातवा नियम सांगतो की मॅच ४५-४५ मिनिटांच्या दोन हाफची असते. वेळ कमी करायची तर सुरू होण्याआधी रेफरी आणि दोन्ही टीम्सचं त्यावर एकमत हवं, आणि स्पर्धेच्या नियमांतही ते बसायला हवं. म्हणजे वेळ कमी करता येते, पण आधी बोलून. आपण न बोलताच करतो.

आधी एक गोंधळ दूर करू. ई.ए. स्पोर्ट्स एफसीमध्ये (२०२३ मध्ये नाव बदलेपर्यंत जिला आपण फिफा म्हणायचो) आकडा हाफचा असतो. घरच्या मॅचला तो साधारण ४ पासून २० मिनिटांपर्यंत नेता येतो. अल्टिमेट टीमसारख्या ऑनलाइन मोडमध्ये तो ६ वर पक्का असतो, तुम्हाला बदलता येत नाही. कोनामीच्या पीईएसमध्ये आकडा पूर्ण मॅचचा असायचा, ५ ते ३० मिनिटं. त्यामुळे ‘आम्ही दहा मिनिटांची खेळतो’ असं दोन मित्र म्हणतात तेव्हा एक जण दुसऱ्याच्या दुप्पट खेळत असू शकतो.

आता गणित. ४५ मिनिटांचा हाफ ६ मिनिटांत बसवला, तर स्क्रीनवरचं घड्याळ साडेसात पट वेगाने धावतं. मैदान मात्र तेवढंच मोठं राहतं आणि खेळाडूही साधारण माणसाच्याच वेगाने पळतात. तुमचा विंगर आपल्या हाफमधून बॉल घेऊन समोरच्या बॉक्सपर्यंत आठ सेकंदांत पोचला, तर घड्याळात अख्खं एक मिनिट गेलेलं असतं. थोडक्यात, या गेममध्ये वेळ आक्रसलेली आहे आणि जागा आक्रसलेली नाही. खेळावर होणारे बाकीचे सगळे परिणाम इथूनच सुरू होतात.

एक उदाहरण घ्या. २००६ च्या वर्ल्ड कपमध्ये अर्जेंटिनाने सर्बिया अँड माँटेनेग्रोला ६-० ने हरवलं. त्यातला कांबियासोचा गोल तुम्ही कुठल्या ना कुठल्या क्लिपमध्ये पाहिलाच असेल. वीसेक पास झाले, बॉल डावीकडून उजवीकडे, मागे, परत पुढे फिरला, आणि शेवटी क्रेस्पोच्या टाचेवरून तो कांबियासोकडे आला. या सगळ्याला जवळपास एक मिनिट लागलं. तोच गोल सहा मिनिटांच्या हाफमध्ये करायला गेलात, तर तुमच्या घड्याळातली साडेसात मिनिटं जातील. एका गोलासाठी हाफचा सहावा भाग, आणि मध्ये बॉल गेला तर तो पूर्ण वाया. असा गोल गेममध्ये करता येत नाही असं नाही, पण तो परवडत नाही.

क्रिकेटवाल्यांना हे लगेच कळेल. ५० ओव्हर्सच्या २० केल्या तरी पिच २२ यार्डांचंच राहतं आणि विकेट्सही दहाच राहतात. बॉल कमी आणि विकेट्स तेवढ्याच, म्हणून विकेटची किंमत उतरते आणि उचलून मारणं शहाणपणाचं ठरतं. सहा मिनिटांच्या हाफमध्येही तेच होतं. बॉल गमावण्याची किंमत उतरते आणि वेळ गमावण्याची चढते. मग मिडफिल्डमध्ये बॉल फिरवत समोरच्याची फळी हलण्याची वाट बघायची कशाला? थ्रू बॉल टाका, वेगवान स्ट्रायकर पळवा. चुकलं तर चुकलं, दहा सेकंदांनी बॉल परत येईल. ‘या गेममध्ये नुसता स्पीड चालतो’ ही तक्रार वर्षानुवर्षं ऐकू येते आणि दोष नेहमी खेळाडूंच्या रेटिंगला दिला जातो. माझ्या मते निम्मा दोष घड्याळाचा आहे.

फरक एवढाच की टी-ट्वेंटीला आपण टी-ट्वेंटी म्हणतो. तिचे विक्रम वेगळे ठेवतो, तिची टीमही वेगळी निवडतो. बारा मिनिटांच्या फुटबॉलला कोणी वेगळं नाव दिलेलं नाही. त्याच्या स्क्रीनवर ९०:०० असंच लिहिलेलं असतं.

आता शेवटची मिनिटं बघा. १९९९ ची चॅम्पियन्स लीग फायनल, बार्सिलोनाचं कँप नोऊ. बायर्न म्युनिक १-० ने पुढे आणि ९० मिनिटं संपलेली. मँचेस्टर युनायटेडकडून आधी शेरिंगहॅमने आणि मग सोल्शायरने गोल केला, दोन्ही जादा वेळेत, दोन मिनिटांच्या आत. गेममध्ये तुम्हाला तीन मिनिटं जादा मिळाली, तर त्याचा खरा अर्थ २४ सेकंद होतो. त्यात जेमतेम एक हल्ला बसतो. एक गोल, मग परत किक-ऑफ, परत बॉल मिळवणं, मग कॉर्नर आणि दुसरा गोल, हे बसायला जागाच नाही. उलट पुढे असलेल्या टीमला कोपऱ्यात बॉल दाबून २० सेकंद काढता आले, तर घड्याळातली अडीच मिनिटं खाऊन टाकता येतात. म्हणजे वाट बघून खेळणं महाग झालं आणि वेळ काढणं स्वस्त झालं. खऱ्या फुटबॉलने २०२२ च्या वर्ल्ड कपमध्ये याच्या बरोबर उलटं पाऊल टाकलं होतं. वाया गेलेली वेळ मोजून परत द्यायची म्हणून इंग्लंड-इराण मॅचमध्ये दोन्ही हाफ मिळून २५ मिनिटांहून जास्त जादा वेळ खेळवला गेला.

तुम्ही म्हणाल, मग हाफ २० मिनिटांचा करा, प्रश्न मिटला. कागदावर हे बरोबर वाटतं. खऱ्या मॅचमध्ये बॉल प्रत्यक्ष खेळात असतो तो साधारण ५५ ते ६० मिनिटंच. बाकी वेळ थ्रो-इन, फ्री किक, दुखापती आणि रेफरीशी हुज्जत यात जातो. त्या हिशोबाने ४० मिनिटांची मॅच खऱ्या खेळाच्या बरीच जवळ जाते. पण लावून बघा. स्कोअर ७-५, ९-६ असे यायला लागतात.

कारण साधं आहे. २०२२ च्या वर्ल्ड कपमध्ये ६४ मॅचमध्ये १७२ गोल झाले, म्हणजे मॅचला २.७ च्या आसपास. साधारण ३३ मिनिटांना एक गोल. तुमच्या बारा मिनिटांच्या मॅचचे स्कोअर आठवा: २-१, ३-१, २-२. तीन गोल धरले तर दर चार मिनिटांना एक. खेळ जर खऱ्याच्याच प्रमाणात अवघड ठेवला असता, तर बहुतेक मॅच ०-० सुटल्या असत्या आणि कोणी दुसऱ्यांदा खेळलं नसतं. म्हणून गोलापर्यंत पोचणं सोपं करावं लागतं. स्कोअरबोर्ड खरा दिसावा यासाठी मैदानावरचा खेळ वाकवलेला आहे. तुम्ही मॅच लांबवता तेव्हा खेळ तसाच वाकलेला राहतो आणि स्कोअरबोर्ड खोटा पडतो. दोन्ही खरं हवं असेल तर स्लायडर्समध्ये शिरून शॉटची चूक वाढवा, पासची चूक वाढवा, गोलकीपर सुधारा. सेटिंग कंपनीने दिलं आहे, पण ते लावल्यावर खेळ नीट चालेल याची जबाबदारी तुमच्यावर टाकली आहे. या गेमवर माझी मुख्य टीका ही आहे.

करिअर मोडमध्ये हा घोटाळा आणखी स्पष्ट दिसतो. तुमची मॅच तुम्ही खेळता, पण लीगमधल्या बाकीच्या मॅचचे निकाल कॉम्प्युटर हिशोबाने लावतो आणि त्या हिशोबाला तुमच्या हाफ लेंग्थशी काही देणंघेणं नसतं. लांब हाफ ठेवलात तर तुमचा स्ट्रायकर सीझनला ७० गोल करतो आणि त्याच्या खालचा माणूस २३ वर असतो. मग गोल्डन बूट जिंकल्याचा आनंद कसला? शिवाय वेळेचा हिशोब आहेच. ३८ मॅचचा लीग सीझन सहा मिनिटांच्या हाफने साडेसात तासांत होतो. वीस मिनिटांच्या हाफने त्याला २५ तास लागतात, आणि त्यात कप किंवा युरोपच्या मॅच धरलेल्या नाहीत. नोकरी, लॅब, असाइनमेंट सांभाळून हे झेपत नाही. म्हणजे तुम्हाला लांब मॅच आणि लांब गोष्ट यातलं एकच निवडावं लागतं. दहा सीझन काढून एखाद्या छोट्या क्लबला वर आणायचं असेल, तर मॅच छोटीच हवी.

छोट्या मॅचची बाजूही मांडायला हवी, नाहीतर हा लेख एकतर्फी होईल. मॅच जितकी छोटी तितकं नशीब मोठं, हे साधं संभाव्यतेचं गणित आहे. संधी कमी आल्या की चांगल्या खेळाडूला आपलं चांगलेपण दाखवायला जागा कमी मिळते. तुमचा चुलतभाऊ तुमच्यापेक्षा सरस खेळत असेल आणि तुम्हाला एकदा तरी जिंकायचं असेल, तर चार मिनिटांचा हाफ लावा. आणि एका कन्सोलभोवती सहा जण बसलेले असतील, ‘हरला तो उठला’ असा नियम असेल, तर वीस मिनिटांचा हाफ लावणं हा अन्याय आहे. तिथे छोटी मॅच सगळ्यांना खेळायला देते.

ऑनलाइनमध्ये मात्र हे औदार्य राहत नाही. फिफा १७ मध्ये अल्टिमेट टीमची वीकेंड लीग आली तेव्हा एका वीकेंडला ४० मॅच खेळायच्या होत्या. बारा मिनिटांनी गुणलं तर नुसता खेळ आठ तासांचा, मधल्या मेन्यू आणि रिप्ले सोडून. पुढच्या वर्षांत हा आकडा कमी होत गेला. पण मॅच छोटी असल्यामुळे तुमची वेळ वाचते, हा समज किती पोकळ आहे ते यातून कळतं. छोटी मॅच संपली की हात आपोआप पुढच्या मॅचकडे जातो.

वेळ कमी करण्याचे दुसरे मार्ग आहेत का? आहेत. अमेरिकन फुटबॉलच्या मॅडन गेममध्ये दोन प्लेमधली रिकामी वेळ वेगाने उडवण्याची सोय आहे. प्रत्यक्ष प्लेला हात लागत नाही. हे त्या खेळाला जमतं, कारण त्यात थांबे भरपूर आहेत. फुटबॉलचं घड्याळ थांबत नाही, त्यामुळे कात्री थेट खेळावरच चालते. फुटबॉल मॅनेजरने वेगळी वाट काढली. तिथे कॉम्प्युटर पूर्ण ९० मिनिटांची मॅच चालवतो आणि त्यातलं किती बघायचं ते तुम्ही ठरवता: फक्त महत्त्वाचे क्षण, थोडं जास्त, की सगळं. वीसेक पासचा गोल तिथे परवडतो, कारण तुम्ही बघितला नाही तरी तो वेळ मॅचमध्ये खर्च झालेला असतो. अर्थात तिथे तुमच्या हातात बॉल नसतो, आणि ही काही छोटी किंमत नाही.

हे सगळं इतकं महत्त्वाचं का वाटतं, ते सांगतो. आपल्यातल्या बऱ्याच जणांना फुटबॉलची ओळख क्रिकेटनंतर झाली, तीही मैदानापेक्षा कंट्रोलरवर आणि क्लिप्समध्ये. मग खरी मॅच बघायला बसलं की ती संथ वाटते. २०२२ मध्ये मोरोक्कोसमोर स्पेनने १२० मिनिटांत हजारावर पास दिले, एकही गोल केला नाही आणि पेनल्टीवर हरले. गेमची सवय असलेल्याला हा नुसता कंटाळा वाटेल. पण मोरोक्कोच्या अकरा जणांनी दोन तास जागा न सोडता, लक्ष ढळू न देता जे केलं, ते त्या मॅचचं मोठेपण होतं. बारा मिनिटांत लक्ष ढळायला वेळच मिळत नाही. थकवा हा फक्त खेळाडूच्या नावाखालचा एक पट्टा असतो.

म्हणून एक करून बघा. एखाद्या रविवारी तुमच्याच तोडीच्या मित्राबरोबर १५ मिनिटांचा हाफ लावा. शॉटची चूक थोडी वाढवा आणि सुरू करण्याआधी दोघांनी ते मान्य करा, सातव्या नियमाप्रमाणे. साठाव्या मिनिटाच्या पुढे काय होतं ते बघा. तुमचाच अंगठा सैल पडेल, तुम्हीच एक आळशी पास द्याल, आणि समोरचा नेमका त्याचीच वाट बघत असेल. तो गोल खाल्ल्यावर पुढच्या मॅचला परत सहा मिनिटं लावलीत तरी हरकत नाही. निदान काय कापलं ते तुम्हाला माहीत असेल.