हंसाबाईंचा जमाखर्च

दिवाळी आली की आमच्या बीड जिल्ह्यात एक उलटा देखावा दिसतो. इतरत्र माणसे घराकडे परततात, आमच्याकडची घर सोडून निघतात. पणत्यांतले तेल संपते न संपते तोच वाड्यावस्त्यांवर ट्रक येऊन उभे राहतात आणि ऊसतोडीला निघालेले संसार त्यांत चढू लागतात. चूल, हंडा, शेळी, कडेवरचे मूल, सारे एकाच गाडीत. मुकादमाच्या हिशेबात नवराबायको मिळून ‘एक कोयता’ धरलेला असतो. हंगामाची उचल बहुधा नवऱ्याने घेतलेली असते. ती फेडायला दोघेही जातात.

नटीवर लिहायला बसून मी ऊसतोडीची कथा का सांगते आहे, असे वाचकांना वाटेल. कारण साधे आहे. हंसा वाडकरांचे ‘सांगत्ये ऐका’ मी पुन्हा वाचले ते याच दिवसांत, अंबाजोगाईच्या घरी. पहिल्यांदा वाचले होते ते चोरून. आमच्या आत्याने त्या पुस्तकाला वर्तमानपत्राचे वेष्टण घालून ते धान्याच्या कोठीमागे ठेवले होते. तेव्हा मला त्यात एका नटीची पडझड तेवढी दिसली. या खेपेस दिसला तो जमाखर्च : कमावणारी एक, आणि खर्चाचा हक्क सांगणारे अनेक.

हंसाबाईंचे मूळचे नाव रतन साळगावकर. जन्म 1923 चा, मुंबईतला. घरात पैशाची ओढाताण. म्हणून शाळेच्या वयात मुलीच्या तोंडाला रंग लागला. 1936 साली ‘विजयाची लग्ने’ हा चित्रपट आला तेव्हा ती जेमतेम तेरा वर्षांची होती. पुढे बॉम्बे टॉकीजचा ‘नवजीवन’, मग प्रभातचा ‘संत सखू’ (1941), राजकमलचा ‘लोकशाहीर रामजोशी’ (1947), ‘संत जनाबाई’ (1949), ‘पुढचं पाऊल’ (1950). एखादीला एवढी यादी आयुष्यभर पुरावी. परंतु पुस्तक वाचताना लक्षात राहते ती ही यादी नव्हे. लक्षात राहते ती एका बाईची साधी इच्छा, की आता हे काम पुरे, आता आपण घर करावे. लहान वयात लग्न झाले, तरी ती इच्छा पुरी झाली नाही. करार होत राहिले आणि कॅमेऱ्यापुढे उभे राहणे चालूच राहिले. घराला गृहिणी नको होती, मिळवती हवी होती. आणि मिळवती झाल्यावर तिच्यावर संशय घ्यायलाही तेच घर मोकळे होते. उचल कोणी घ्यायची आणि कोयता कोणी चालवायचा, हा प्रश्न केवळ उसाच्या फडातला नाही.

त्यांच्या भूमिकांकडे या बाजूने पाहिले की एक गोष्ट जाणवते. सखू काय आणि जनी काय, दोघी कष्टाने पिचलेल्या बायका. दोघींच्या कथेत देव येतो तो आशीर्वाद देऊन निघून जायला नव्हे, त्यांचे काम करायला. सखू पंढरीला जाते तेव्हा विठ्ठल तिचे रूप घेऊन सासरी राबतो. जनीच्या जात्याला तो हात लावतो. जनाबाईचे गंगाखेड आमच्या परळीहून काही दूर नाही. आमच्याकडच्या म्हाताऱ्या जात्यावर बसत तेव्हा जनीचे नाव घेतल्यावाचून त्यांचे पीठ पडत नसे. तीच जनी पडद्यावर हंसाबाईंनी साकारली. आणि ज्या प्रेक्षकांनी सखूला हात जोडले, त्यांनीच ‘रामजोशी’तल्या बयाला शिट्ट्या वाजवल्या. बाई एकच, चेहरा तोच. पण एकीला देवघरात ठेवायचे आणि दुसरीला फडात नाचवायचे, ही वाटणी आपण प्रेक्षकांनी केली होती. हंसाबाईंच्या अभिनयाचे मोठेपण मला यात वाटते की त्यांनी स्वतः ही वाटणी मानली नाही. त्यांच्या बयेत सवंगपणा नाही. आणि त्यांच्या संत स्त्रिया भोळ्या असल्या तरी बावळट नाहीत. मात्र खुद्द त्यांच्या जात्याला हात लावायला कोणी विठ्ठल आला नाही.

आता पुस्तकाविषयी. हंसाबाईंनी सांगितले आणि अरुण साधूंनी ते शब्दबद्ध केले. ‘माणूस’मधून ते वाचकांपुढे आले आणि 1970 मध्ये राजहंस प्रकाशनाने पुस्तकरूपाने काढले. पुढे ‘मुंबई दिनांक’ आणि ‘सिंहासन’ लिहिणाऱ्या या लेखकाने येथे स्वतःला मागे ठेवले, हा त्याचा मोठा गुण. बाई ओसरीवर बसून बोलते आहे, मधेच थांबते आहे, पुन्हा सुरू करते आहे, असा भास अखेरपर्यंत टिकतो. दारूविषयी बोलताना ती लपवीत नाही आणि स्वतःच्या चुका सांगताना दयेची भीकही मागत नाही.

उणीवही सांगितली पाहिजे. भूमिका कशा उभ्या केल्या, बयेची चाल कोठून आणली, सखूचा सोशिकपणा चेहऱ्यावर कसा धरला, याविषयी पुस्तकाचा हात फार आखडता आहे. रसिकाला हळहळ वाटते. पण मला वाटते, हे मौनही बोलके आहे. जे काम स्वखुशीने निवडलेच नाही, त्याला ‘माझी कला’ म्हणायला जीभ सहज वळत नसावी.

या पुस्तकातले एक प्रकरण आम्हा मराठवाड्याच्या लोकांना विशेष बोचते. घराला कंटाळून बाहेर पडलेल्या हंसाबाई एका गृहस्थाबरोबर मराठवाड्यातल्या एका खेड्यात येऊन पोहोचतात. तेथे आधीच्या दोन बायका नांदत असतात. नामांकित नटी डोक्यावर पदर घेऊन घरकामाला लागते, आणि मग ध्यानात येते की उंबरठा ओलांडायची मुभाच नाही. सुटका होते तीही अपमानाचा नवा घोट गिळूनच; ज्या अधिकाऱ्याने न्याय द्यायचा, तोच तिच्या असहायतेचा फायदा घेतो. एरवी माहेरवाशिणीचे कौतुक करणारा आमचा मुलूख येथे असा दिसतो. हे पान मिटून ठेवावेसे वाटते. म्हणूनच ते उघडे ठेवले पाहिजे.

श्याम बेनेगलांनी या आत्मकथनावरून 1977 मध्ये ‘भूमिका’ काढला. स्मिता पाटील यांना त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि तो योग्यच होता. त्यांचे डोळे विसरता येत नाहीत. तरीही चित्रपट पाहताना आपण त्या बाईकडे पाहतो. पुस्तक वाचताना तिचे ऐकतो. आयुष्यभर लोकांनी जिच्याकडे नुसते पाहिले, तिने शेवटी ‘ऐका’ म्हणावे, यातच सारे आले. हे नावही तिने उचलले ते स्वतः काम केलेल्या चित्रपटाचे. अनंत माने यांचा ‘सांगत्ये ऐका’ 1959 चा. पुण्याच्या विजयानंदमध्ये तो शंभराहून अधिक आठवडे चालला. त्यात नायिका जयश्री गडकर होत्या आणि हंसाबाई मागच्या रांगेत सरकल्या होत्या. नायिकेची जागा गेली, पण बोलण्याची जागा त्यांनी पुस्तकात मिळवली. पन्नाशीही न गाठता त्या गेल्या. जाण्यापूर्वी हिशेब मात्र मांडून गेल्या.

परवा आमच्याकडे धुण्याभांड्याला येणारी बाई निरोप घ्यायला आली. फडावर निघाली होती. फराळाचा डबा हातात देताना मी सहज विचारले, ‘उचल किती मिळाली गं?’ ती हसली आणि म्हणाली, ‘मालकाला ठावं, बाई.’

आत्याच्या त्या पुस्तकाचे वेष्टण मी काढून टाकले आहे. आता ते बैठकीतल्या फळीवर, येणाऱ्याजाणाऱ्याच्या हाताला लागेल असे ठेवले आहे.