मूकपटातील योद्धा : 'सिंहगड' आणि 'ओरोची'

जपानी आणि मराठी मूकपटांनी इतिहासकालीन योद्ध्याला पडद्यावर आणले. परंतु त्यामागील दृष्टी भिन्न आहे. हरि नारायण आपटे यांच्या कादंबरीवर आधारित बाबूराव पेंटर यांच्या 'सिंहगड' (१९२३) मध्ये तानाजीची स्वामिनिष्ठा आत्मबलिदानाने सार्थ ठरते. याउलट बुंतारो फुतागावा यांच्या 'ओरोची' (१९२५) मधील सामुराई सरळ वृत्तीचा असूनही समाज त्याला गुन्हेगार ठरवितो; अखेरीस तो जेरबंद होतो. अन्यायाचा हा प्रश्न पेंटरांनीही त्याच वर्षी हाताळला. मात्र तो 'सावकारी पाश'मधील कर्जबाजारी शेतकऱ्याच्या रूपाने. म्हणजेच 'ओरोची'ने योद्ध्याच्याच मुखाने व्यवस्थेला जाब विचारला. पेंटरांचा योद्धा मात्र वंदनीयच राहिला. मराठी ऐतिहासिक चित्रपटाचे मूल्यमापन करताना या मर्यादेचीही दखल घ्यावयास हवी.