मिथ्रिल: धातू काल्पनिक, मर्यादा खऱ्या

माझ्या संशोधन प्रस्तावाचा मसुदा गाईडकडून परत आला, तेव्हा पहिल्याच पानावर लाल पेनाने एक प्रश्न लिहिलेला होता: "हे मटेरियल कुठे चालत नाही?" एसआरएफचं सादरीकरण दीड महिन्यावर आलेलं. मी लिहिलं होतं की आमचं कोटिंग कठीण आहे, हलकं आहे, गंजत नाही. विशेषणांची रांग होती, मर्यादा एकही नव्हती. वैतागून मी त्या रात्री टोल्किनचं 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' पुन्हा काढलं आणि मोरियाच्या खाणीत येऊन अडकलो. गाईडला जे हवं होतं, ते मिथ्रिलच्या त्या दोन-तीन पानांत होतं.

ज्यांनी वाचलं नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात: मिथ्रिल हा चांदीसारखा दिसणारा, पण कधी काळा न पडणारा धातू. ड्वार्फ लोक तो मोरियात खणून काढत. बिल्बो नावाच्या हॉबिटला थोरिनने भेट दिलेलं कड्यांचं चिलखत मिथ्रिलचं होतं, आणि पुढे ते फ्रोडोकडे आलं. १९३७ च्या 'द हॉबिट'मध्ये हे चिलखत साध्या चंदेरी पोलादाचं होतं. मिथ्रिल हे नाव त्या पुस्तकात १९६६ च्या सुधारित आवृत्तीत आलं. म्हणजे लेखकाने नव्या माहितीनुसार आपला जुना मजकूर दुरुस्त केला. हेही शिकण्यासारखंच.

आता गुणधर्म बघू. गँडाल्फ सांगतो की मिथ्रिल तांब्यासारखं ठोकून पसरवता येतं आणि त्यापासून पोलादाहून कठीण धातू बनवता येतो. पहिल्यांदा वाचताना मी म्हटलं, हे कसं शक्य आहे? मऊ की कठीण, काय ते एक ठरवा! पण वाक्य नीट वाचलं तर पहिला गुण कच्च्या मालाचा आहे आणि दुसरा ड्वार्फांनी प्रक्रिया केल्यानंतरचा. ड्युरॅल्युमिनचं असंच असतं: मऊ असताना आकार द्यायचा, मग ते काही काळात आपोआप कठीण होतं. टोल्किनच्या डोक्यात हे होतं असा माझा दावा नाही. पण 'पदार्थ' आणि 'प्रक्रिया केलेला पदार्थ' यांची त्याने गल्लत केलेली नाही. आपण थिसिसमध्ये बल्क मटेरियलचे आकडे थिन फिल्मला चिकटवतो, तेव्हा नेमकी हीच गल्लत करतो.

माझा सगळ्यात आवडता पुरावा मात्र फ्रोडोच्या बरगड्यांवर आहे. मोरियात ऑर्कांचा सरदार त्याच्या कुशीत भाला खुपसतो (सिनेमात तो ट्रोल आहे). चिलखत भाला अडवतं आणि फ्रोडो वाचतो. नंतर शर्ट काढून बघतात तर काळानिळा वळ उठलेला, आणि एके ठिकाणी चिलखताच्या कड्या आतलं मऊ चामडं फाडून मांसात रुतलेल्या. भौतिकशास्त्राच्या विद्यार्थ्याला इथे टाळी वाजवावीशी वाटते. चिलखत टोकाचा दाब मोठ्या क्षेत्रावर पसरवतं, पण भाल्याचा संवेग कुठे तरी जाणारच. तो फ्रोडोच्या अंगात गेला. जादूच्या जगातही संवेग अक्षय्यता पाळली गेली आहे, आणि म्हणूनच मिथ्रिल खरं वाटतं.

याच्याशेजारी मार्व्हलचं व्हायब्रेनियम ठेवून बघा. 'ब्लॅक पँथर' (२०१८) मध्ये ते सूट आहे, भाला आहे, वाहतूक आहे, औषधोपचारही आहे. सिनेमा म्हणून मला तो आवडतो. पण जो पदार्थ कथेला लागेल ते करून देतो, त्याच्याबद्दल प्रेक्षकाला काहीच भाकीत करता येत नाही. कोणत्याही निरीक्षणाने खोटं न ठरणारं गृहीतक असतं ना, तशातला प्रकार.

आता दुर्मिळता. मिथ्रिलची किंमत एके काळी सोन्याच्या दहापट होती, आणि कथेच्या काळात ती मोजण्यापलीकडे गेलेली आहे. का? साठा संपला म्हणून नव्हे. मुख्य शीर अजून कॅराड्रास डोंगराखाली आहेच, पण तिचा पाठलाग करत ड्वार्फ इतके खोल गेले की तिथे बॅलरॉग जागा झाला, आणि तिसऱ्या युगाच्या १९८१ मध्ये त्यांना मोरिया सोडावं लागलं. खाणशास्त्रात आपण रिसोर्स आणि रिझर्व्ह असा फरक करतो: जमिनीत आहे तो रिसोर्स, त्यातला जो परवडेल अशा रीतीने काढता येतो तेवढाच रिझर्व्ह. बॅलरॉगने एका रात्रीत रिझर्व्हचा नुसता रिसोर्स केला! उलट उदाहरण ॲल्युमिनियमचं. ते जमिनीत भरपूर होतं, पण वेगळं काढणं अवघड म्हणून महाग. १८८६ मध्ये हॉल-हेरू पद्धत सापडली आणि पुढे भाव कोसळला. 'दुर्मिळ' हा शब्द लिहिताना दुर्मिळ कशामुळे, हे सांगायलाच हवं.

२०२२ च्या 'द रिंग्ज ऑफ पॉवर' मालिकेबद्दल माझी तक्रार इथेच आहे. तिथे मिथ्रिलला वीज, झाड आणि सिल्मरिल अशी एक उत्पत्तिकथा जोडली, आणि एल्फांचं ओसरतं तेज टिकवायला तेच हवं असं ठरवलं. महत्त्व वाढवण्याच्या नादात खाणीतल्या धातूचं संजीवनी बुटी करून टाकलं. मग फ्रोडोच्या अंगावरच्या वळाला काय अर्थ राहिला?

टोल्किनही निर्दोष नाही. ड्वार्फांनी हाव केली म्हणून संकट आलं, असं गँडाल्फ सांगतो, आणि आपण ते कारण म्हणून स्वीकारतो. पण परिशिष्टातली एक छोटी तळटीप सुचवते की सॉरॉनच्या दुष्टपणामुळे बॅलरॉग आधीच जागा झालेला असू शकेल. म्हणजे खोदणं आणि संकट एकापाठोपाठ आले, पण कार्यकारणभाव पक्का नाही! एका अख्ख्या समाजावर हावरेपणाचा शिक्का बसतो आणि पर्यायी स्पष्टीकरण तळटीपेत राहतं. खाणीत उतरलेल्या एकाही सामान्य ड्वार्फाचं म्हणणं आपल्याला ऐकायला मिळत नाही. तेव्हा दोन गोष्टी: तळटिपा वाचा, आणि एकाच साक्षीदारावर विसंबू नका.

माझ्या मसुद्याचं काय झालं? मी 'मर्यादा' असा वेगळा परिच्छेद लिहिला: अमुक तापमानापुढे कोटिंग सुटतं, ओल्या हवेत चिकटत नाही. लिहिताना पोटात गोळा आला होता, वाटलं आपणच आपलं काम पाडतोय. सादरीकरणात समितीचे सगळे प्रश्न त्याच परिच्छेदावर आले, आणि पहिल्यांदाच मला सगळ्यांची उत्तरं येत होती.

तुमचा प्रस्ताव उघडा आणि त्यातला वळ शोधा. सापडला नाही, तर अजून लिहायचं बाकी आहे.