मातीचा गंध आणि व्याकरण

'बहिणाबाई अहिराणीत लिहायच्या ना?' मी धुळ्याचा आहे म्हटलं की पुण्यातल्या ऑफिसात कुणीतरी हे विचारतंच. त्या एका वाक्यात दोन चुका आहेत. बहिणाबाई लिहीत नसत. त्या म्हणत, आणि मुलगा सोपानदेव व घरचे टिपून घेत. आणि त्यांची बोली जळगाव भागातली लेवा गणबोली, अहिराणी नव्हे.

फरक कानाला कळतो. 'मला'तल्या 'ला'चा 'ले' दोन्हीकडे होतो, म्हणून बाहेरच्यांची गल्लत होते. पण माझी आजी 'माझं'ला 'मनं' म्हणते आणि 'आहे'ला 'शे'. बहिणाबाईंच्या ओळींत 'माझं' हे 'माझं'च राहतं. अहिराणीचं 'ना-नी-नं' गुजरातीच्या जवळचं. ग्रिअर्सनच्या भाषा सर्वेक्षणात, १९०७ च्या खंडात, खानदेशी भिल्ली भाषांसोबत आहे. २०११ च्या जनगणनेतही ती मराठीत न मिळवता वेगळी मोजली आहे.

बहिणाबाईंची गाणी १९५२ साली अत्र्यांच्या प्रस्तावनेसह छापून आली. तेव्हापासून कौतुकाला खळ नाही, पण ते बहुतेकदा 'मातीच्या गंधा'पाशी थांबतं. गंध घेतला की व्याकरण बघायला नको! मग खानदेशातल्या दोन बोली एकच वाटू लागतात.

मीही यातून सुटलेलो नाही. आजीचा आवाजी निरोप अहिराणीत येतो आणि मी उत्तर प्रमाण मराठीत टाइप करतो. 'मना' लिहू की 'मन्हा', हेच मला ठरवता येत नाही. बोलीचा अभिमान मला आहे. तिचं एक वाक्य लिहायची सवय नाही.