काळ मोजणारे यंत्र आणि उशिराचे कारण : दोन विज्ञानकथांचे पांढुर्णा-सौंसरच्या संदर्भात वाचन

प्रस्तावना

विज्ञानकथेतील यंत्रांचा विचार करताना काळातून प्रवास करणाऱ्या यंत्राकडेच बहुधा लक्ष जाते. संपूर्ण समाजाच्या वेळेवर देखरेख ठेवून तिचे नियमन करणाऱ्या यंत्रणेची कल्पना त्या मानाने दुर्लक्षित राहिली आहे. वस्तुतः अध्यापकाच्या रोजच्या जीवनाशी याच कल्पनेचा अधिक निकटचा संबंध आहे. प्रस्तुत लेखात हार्लन एलिसन यांची ‘रिपेंट, हार्लेक्विन! सेड द टिकटॉकमॅन’ (१९६५) आणि रुकय्या सखावत हुसेन यांची ‘सुलतानाज ड्रीम’ (१९०५) या दोन कथांचा विचार केला आहे. २०२३ साली मध्य प्रदेशात स्वतंत्र जिल्हा झालेल्या पांढुर्णा-सौंसर या मराठीभाषक भागातील वाचकाला या कथा कोणता प्रश्न विचारतात, हे पाहणे हा लेखाचा हेतू आहे.

एलिसन यांची कथा : सामर्थ्य आणि उणीव

एलिसन यांच्या कथेतील समाजात उशीर करणे हा गुन्हा आहे. दहा मिनिटे उशीर झाला तर आयुष्यातून दहा मिनिटे वजा होतात. प्रत्येकाचा हिशेब मुख्य कालरक्षकाकडे असतो आणि शिल्लक संपली की तो त्या माणसाचे हृदय बंद पाडू शकतो. या व्यवस्थेविरुद्ध हार्लेक्विन नावाचा विदूषक उभा राहतो. कामगारांना वाहून नेणाऱ्या सरकत्या रस्त्यांवर तो लाखभर डॉलरहून अधिक किमतीच्या गोळ्या ओततो आणि साऱ्या शहराचे वेळापत्रक सात मिनिटांनी कोलमडते. अखेर तो पकडला जातो व त्याच्याकडून जाहीर पश्चात्ताप वदवून घेतला जातो. शेवटी मात्र स्वतः कालरक्षकच तीन मिनिटे उशिरा येतो आणि ते मान्य करीत नाही.

कथेचे खरे सामर्थ्य या शेवटात आहे. यंत्राचा काटा सर्वांसाठी सारखाच फिरतो, पण दंड फक्त खालच्या माणसाला होतो, हे लेखकाने कोणतेही भाष्य न करता दाखविले आहे. कथेची उणीवही तितकीच स्पष्ट आहे. हार्लेक्विनचा उशीर हा त्याच्या स्वभावाचा व हौसेचा भाग आहे. नाइलाजाने उशीर होणारे पात्र कथेत ठसत नाही. त्यामुळे उशीर म्हणजे स्वातंत्र्य, असे सोपे समीकरण तयार होते.

सौंसरच्या विद्यार्थ्याला हे समीकरण पटणार नाही. नागपूर-छिंदवाडा नॅरोगेज लाईन २०१५ च्या अखेरीस रुंदीकरणासाठी बंद झाली आणि त्यानंतर काही वर्षे सौंसरला गाडीच नव्हती. त्या काळात गाडीवर अवलंबून असलेला विद्यार्थी वर्गात उशिरा पोहोचला, तर त्यात बंडखोरी कोणती? हजेरीपटावर मात्र त्याची आणि हार्लेक्विनची नोंद एकसारखीच झाली असती.

रुकय्या यांचा हिशेब

रुकय्या यांच्या कथेतील स्त्रीराज्यात वेळेची मोजदाद आहे, पण पहारा नाही. तेथील स्त्रिया दिवसातून केवळ दोन तास काम करतात. पुरुष कार्यालयात सहा तास चिरूट ओढण्यात घालवीत असत, असा चोख हिशेब सारा ही पात्र मांडते. म्हणजे मिनिटे येथेही मोजली जातात; परंतु मोजणारी व्यक्ती काम करणारीच आहे आणि वाचलेला वेळ तिच्याच पदरात पडतो. एलिसन यांच्या राज्यात वाचलेले मिनिट यंत्रणेचे होते. दोन्ही कथांतील मूलभूत भेद यंत्राच्या रचनेत नसून मिनिटांच्या मालकीत आहे, असे म्हणता येईल.

घड्याळ आणि सूर्य

१ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ अमलात आली, तेव्हा मुंबईकरांनी तिला तीव्र विरोध केला होता. मुंबईची स्वतंत्र वेळ १९५५ पर्यंत काही प्रमाणात टिकून राहिली. प्रमाणवेळ ८२.५ अंश पूर्व रेखांशावरून ठरते. पांढुर्णा सुमारे ७८.५ अंशांवर आहे. एका अंशाला चार मिनिटे या हिशेबाने येथील स्थानिक वेळ घड्याळाच्या सुमारे १६ मिनिटे मागे आहे. सौंसरची सुमारे १५. ऋतुमानानुसार पांढुर्ण्यात सूर्य माथ्यावर येण्याची वेळ नोव्हेंबरच्या आरंभी बाराच्या सुमारास, तर फेब्रुवारीच्या मध्यास साडेबाराच्या सुमारास असते. जोहरच्या प्रारंभाची वेळ वर्षभर एक नसते, त्याचे कारण हेच.

अल-जझरी यांनी १२०६ सालच्या ग्रंथात वर्णिलेल्या जलघड्याळात दिवसाच्या कमी-अधिक लांबीनुसार पाण्याचा प्रवाह बदलण्याची सोय होती. यंत्र परिस्थितीला जुळवून घेऊ शकते, याची ही जुनी साक्ष आहे.

हजेरीचे यंत्र

कल्पित यंत्र आता फार दूरचे राहिलेले नाही. १ जानेवारी २०२३ पासून मनरेगाच्या बहुतेक कामांवर मजुरांची हजेरी दिवसातून दोन वेळा छायाचित्रासह मोबाईल ॲपवर नोंदविणे बंधनकारक झाले. २०२५ साली मध्य प्रदेशातील शासकीय शिक्षकांसाठी ‘हमारे शिक्षक’ ॲपवरील हजेरी सुरू झाली व शिक्षकांनी तिला विरोध केला.

येथे केवळ शिक्षकाची बाजू घेणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. शिक्षक वर्गात नसेल तर वेळ मुलाचा जातो, आणि शिकवणी परवडत नसलेल्या मुलाला तो दुसरीकडून भरून काढता येत नाही. म्हणून शिक्षकाने हार्लेक्विनला आदर्श मानणे योग्य नाही. मात्र नेटवर्क नसलेल्या ठिकाणी नोंद न होणे आणि शिक्षक न येणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. उपस्थिती मोजणाऱ्या यंत्राने हा फरक ओळखला नाही, तर त्याची नोंद अचूक असूनही न्याय्य ठरत नाही.

समारोप

एलिसन यांनी यंत्राची दहशत प्रभावीपणे रंगविली, पण उशिराचे कारण विचारले नाही. रुकय्या यांनी साठ वर्षे आधी वेळेचा हिशेब कष्ट करणाऱ्याच्या हाती दिला. या दोन्ही कथा महाविद्यालयीन वर्गात एकत्र शिकविल्यास चर्चा अधिक फलदायी होईल. चर्चेची सुरुवात वर्गाच्या हजेरीपटापासून करता येईल : त्यात उशिराचे कारण लिहिण्याचा रकाना आहे काय, आणि अध्यापक स्वतः उशिरा आला तर त्याची नोंद कोण करतो? विद्यार्थ्यांनी हे विचारले, तर अध्यापकाला उत्तर द्यावे लागेल.